हप्ता बसतोय, पण कर्ज कितीला पडतंय?

गेल्या पावसाळ्यात भाचीचा फोन आला. "मामा, पुण्यात उंड्रीला टू बीएचके बघितला. अकरावा मजला, साडेबासष्ट लाख. बँक पन्नास लाख द्यायला तयार आहे. हप्ता त्रेचाळीस हजार, आमच्या दोघांच्या पगारात आरामात बसतोय." आवाज इतका खुशीत होता की लगेच काही बोलवेना. थोड्या वेळाने विचारलं, "किती वर्षं?" "वीस." "म्हणजे एकूण किती भरणार?" पलीकडे शांतता, मग फोनवर बोटं चालल्याची टकटक आणि मग, "अगं बाई! एक कोटी चार लाख?"

साइट ऑफिसमधला सेल्सवाला, बँकेचा एजंट, ऑफिसातले मित्र, सगळे एकच विचारतात: हप्ता बसतोय ना? मुदत ताणत नेली तर हप्ता कुणाच्याही पगारात बसवता येतो. कर्ज कितीला पडतंय ते मुदतीवर ठरतं, आणि त्या रकान्याकडे पहिलं कर्ज घेणाऱ्यांपैकी फार थोडे जण बघतात. मीही बघितलं नव्हतं. भाचीला त्या आठवड्यात जे जे सांगितलं, ते इथे क्रमाने लिहितो. सगळीकडे पन्नास लाखांचं कर्ज आणि साडेआठ टक्के व्याज धरलंय. हा दर हिशेबापुरता आहे, तुमचा कमी-जास्त असेल.

पहिली पायरी: आधी गुणाकार करा

बँकेच्या कोणत्याही ईएमआय कॅल्क्युलेटरवर हप्ता काढा आणि त्याला महिन्यांनी गुणा. एका मुदतीचा नव्हे, चार मुदतींचा हिशेब शेजारी शेजारी मांडा.

१५ वर्षं: हप्ता ४९,२३७ रुपये, एकूण व्याज ३८.६३ लाख
२० वर्षं: हप्ता ४३,३९१ रुपये, एकूण व्याज ५४.१४ लाख
२५ वर्षं: हप्ता ४०,२६१ रुपये, एकूण व्याज ७०.७८ लाख
३० वर्षं: हप्ता ३८,४४६ रुपये, एकूण व्याज ८८.४१ लाख

वीसवरून तीस वर्षांवर गेलं की हप्ता पाच हजारांनीही उतरत नाही, व्याज मात्र चौतीस लाखांनी चढतं. मुदत वाढवून मिळणारा दिलासा पुढे पुढे आटत जातो आणि त्याची किंमत वाढत जाते. पंचवीस वर्षांपुढची मुदत मला तर निव्वळ बँकेच्या सोयीची वाटते.

इथे घरातलं कुणीतरी ज्येष्ठ माणूस म्हणतंच, "अरे, वीस वर्षांनी त्रेचाळीस हजारांना काय किंमत राहणार आहे?" त्यात तथ्य आहे. महागाई सहा टक्के धरली तर विसाव्या वर्षीचा तो हप्ता आजच्या साडेतेरा हजारांएवढाच वाटेल. कर्ज घेऊच नये असं मी म्हणत नाही ते त्यामुळेच. पण महागाई पगार वाढवते तशी व्याजदरालाही वर ढकलते, आणि गृहकर्जाचा दर आज बहुतेकांचा बदलताच असतो. शिवाय पगार दरवर्षी वाढतच राहील हे गृहीतक किती कच्चं आहे, ते हिंजवडीत नोकरी करणाऱ्या कुणालाही विचारा.

दुसरी पायरी: पहिले तीन महिने स्वतःच्या हाताने लिहून काढा

हे काम कंटाळवाणं वाटेल, पण मला स्वतःला कर्ज कळलं ते याच्यामुळे. एक्सेल उघडा, नाहीतर वही घ्या. चार रकाने: शिल्लक मुद्दल, या महिन्याचं व्याज, मुद्दलात गेलेले पैसे, उरलेलं मुद्दल. शिल्लक मुद्दलाला दराने गुणून बाराने भागलं की महिन्याचं व्याज. हप्त्यातून ते वजा केलं की राहील ते मुद्दलात.

पहिला महिना: मुद्दल ५०,००,०००. व्याज ३५,४१७. मुद्दलात गेले ७,९७४.
दुसरा महिना: मुद्दल ४९,९२,०२६. व्याज ३५,३६०. मुद्दलात ८,०३१.
तिसरा महिना: मुद्दल ४९,८३,९९५. व्याज ३५,३०३. मुद्दलात ८,०८८.

त्रेचाळीस हजार खात्यातून गेले आणि कर्ज आठ हजारांनी उतरलं. पुढच्या महिन्यात त्याहून सत्तावन्न रुपये जास्त. तक्ता असाच मुंगीच्या पावलांनी खाली सरकतो. हप्त्यातला निम्मा भाग मुद्दलात जायला लागेपर्यंत जवळजवळ बारा वर्षं जातात. मुद्दल निम्म्यावर, म्हणजे पंचवीस लाखांवर यायला तेरा वर्षं दहा महिने लागतात. यात बँकेची लबाडी काही नाही. शिल्लक रकमेवर व्याज आकारलं की गणित असंच चालतं.

पाच वर्षांनंतरची ओळ मात्र जरा थांबून बघा. तोवर २६ लाखांच्या वर पैसे भरलेले असतात आणि शिल्लक असते ४४ लाख ६ हजार. "आत्ता हा टू बीएचके घेऊ, पाच-सहा वर्षांत विकून बाणेरला थ्री बीएचके घेऊ" असं ठरवणाऱ्यांनी तर ही ओळ पाठच करावी. पाच वर्षांत कर्ज सहाच लाखांनी उतरलेलं असतं आणि नव्या घराची स्टॅम्प ड्यूटी पुन्हा पहिल्यापासून भरायची असते.

तिसरी पायरी: शेवटचे सहा लाख शोधा

भाचीशी सगळ्यात जास्त बोलणं याच मुद्द्यावर झालं. वरच्या ओळीतला ४४ लाख ६ हजार हा आकडा उलटा वाचून बघा. १८० हप्ते उरलेले असताना एवढं कर्ज शिल्लक आहे, याचा अर्थ तेवढंच कर्ज मुळात घेतलं असतं तर हाच ४३,३९१ चा हप्ता भरून ते पंधरा वर्षांत फिटलं असतं.

म्हणजे पन्नास लाखांतले पहिले चव्वेचाळीस पंधरा वर्षांत फिटतात. वरच्या सहा लाखांसाठी आणखी पाच वर्षं, साठ हप्ते, सव्वीस लाख रुपये मोजायचे. हप्ता तोच असल्यामुळे हा फरक महिन्याच्या बजेटमध्ये कुठेच दिसत नाही.

आता हे सहा लाख येतात कुठून? बहुतेक वेळा साइटवर शेवटच्या अर्ध्या तासात. आठव्या मजल्याऐवजी अकरावा घेतला म्हणून फ्लोअर राइज, दुसरं पार्किंग, बागेच्या बाजूची बाल्कनी, "थोडा मोठा किचन ड्राय एरिया". सेल्सवाला प्रत्येक गोष्ट हप्त्याच्या भाषेत सांगतो: "मॅडम, महिन्याला फक्त दीड हजार जास्त." कागदाच्या एका बाजूला या सगळ्यांची यादी करा आणि प्रत्येक आकड्यासमोर लिहा की तेवढ्याने किती महिने वाढतील. ज्याच्यासाठी ते महिने द्यायची तयारी आहे ते ठेवा, बाकीचं काढा.

भाचीने सातवा मजला आणि एक पार्किंग घेतलं. बाल्कनी बागेचीच ठेवली, त्यावर तिने माघार घेतली नाही. कर्ज आलं सत्तेचाळीसवर.

चौथी पायरी: कर्जात न बसणारे पैसे मोजा

रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे ३० लाखांपर्यंतच्या कर्जाला बँक घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत देऊ शकते, ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला ८० टक्के आणि त्यावर ७५ टक्के. ही वरची मर्यादा आहे, तुमचा हक्क नव्हे. आणि १० लाखांहून महाग घरांच्या या किमतीत स्टॅम्प ड्यूटी, नोंदणी वगैरे धरत नाहीत. तो पैसा खिशातला.

पुणे महापालिका हद्दीत हा खर्च असा येतो. मुद्रांक शुल्क ५ टक्के, स्थानिक संस्थेचा अधिभार १ टक्का, मेट्रोचा अधिभार १ टक्का, मिळून ७. करारातली किंमत आणि रेडी रेकनरची, म्हणजे सरकारी दरपत्रकाची किंमत यांतली जी जास्त असेल तिच्यावर. घर फक्त स्त्रीच्या नावावर असेल तर एक टक्का सवलत, म्हणजे ६. नोंदणी शुल्क १ टक्का, पण ३० हजारांच्या वर जात नाही. घर बांधकाम सुरू असलेलं असेल तर जीएसटी ५ टक्के. ४५ लाखांपर्यंतच्या आणि, पुणे त्या यादीत महानगर धरलेलं नसल्याने, ९० चौरस मीटर कार्पेटपर्यंतच्या (भिंतींच्या आतल्या वापरायच्या जागेच्या) घराला १ टक्का. पूर्णत्वाचा दाखला मिळाल्यानंतर घेतलं तर जीएसटी नाही.

साडेबासष्ट लाखांच्या घराचा हिशेब: स्वतःचा हिस्सा १२.५ लाख, मुद्रांक ४,३७,५००, नोंदणी ३०,०००, जीएसटी ३,१२,५००. वीस लाखांच्या वर रोख हवी, आणि अजून एक पंखाही लागलेला नाही. हे पैसे नाहीत म्हणून लोक वरून पर्सनल लोन काढतात, ते गृहकर्जाहून बरंच महाग. मग घराच्या कर्जाची खरी किंमत तिथेच बदलते.

दोन गोष्टी इथे हमखास राहून जातात. स्त्रीच्या नावाची सवलत नवरा-बायको दोघांच्या नावावर घर घेतलं तर मिळत नाही. एकटीच्या नावावर घेतलं तर या उदाहरणात साडेबासष्ट हजार वाचतात आणि नवरा नुसता सहकर्जदार राहू शकतो, पण मालक नसल्यामुळे त्याला व्याजावरची करसवलत घेता येत नाही. दोन्ही बाजू मांडून ठरवा. दुसरं, घराची किंमत ५० लाख किंवा जास्त असेल तर विकणाऱ्याला पैसे देताना १ टक्का टीडीएस तुम्ही कापून सरकारात भरायचा असतो. हा जादा खर्च नाही, किमतीतूनच जातो. पण विसरलात तर व्याज आणि विलंब शुल्क तुमच्या माथी.

घर ताब्यात आल्यावर मेंटेनन्स, सोसायटीची अनामत, मालमत्ता कर. स्वतः राहत असाल तर पुणे महापालिकेत करात ४० टक्के सवलत आहे. त्यासाठी पीटी-३ अर्ज भरावा लागतो, तो भरायला विसरू नका. आणि वाघोली, उंड्री, पिसोळी या पट्ट्यात घर बघत असाल तर तिथे आधीपासून राहणाऱ्या चार जणांना गाठून एकच प्रश्न विचारा: एप्रिल-मेमध्ये पाण्याच्या टँकरचे किती पैसे भरावे लागतात? ब्रोशरमध्ये हा आकडा नसतो, आणि तो वीस वर्षं हप्त्याच्या बरोबरीने चालतो.

पाचवी पायरी: बांधकाम चालू असेल तर प्री-ईएमआय वेगळा लिहा

बांधकाम जसं वर जाईल तसा बिल्डर डिमांड लेटर पाठवतो आणि बँक तेवढीच रक्कम देते. पूर्ण रक्कम जाईपर्यंत तुम्ही दिलेल्या रकमेवर नुसतं व्याज भरता, तो प्री-ईएमआय. त्यातून मुद्दल एका रुपयानेही उतरत नाही. तीन वर्षं सरासरी २५ लाख बाहेर गेलेले आहेत असं धरलं तर महिन्याला १७,७०८, एकूण ६ लाख ३७ हजार. वर सध्याच्या, समजा कर्वेनगरच्या, घराचं भाडं चालूच. वीस वर्षांची मुदत त्यानंतर सुरू होते.

ताबा वर्षभर लांबला तर हा आकडाही वर्षभर लांबतो. बांधकाम प्रकल्पांची सरकारी नोंद ठेवणाऱ्या महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्पाची पूर्णत्वाची तारीख असते, ती आधी किती वेळा पुढे ढकलली आहे तेही बघा. नोंदणीकृत करार होण्याआधी बिल्डरला १० टक्क्यांपेक्षा जास्त रक्कम घेता येत नाही, हेही लक्षात असू द्या. जमत असेल तर बँकेला सांगून पहिल्या हप्त्यापासूनच मुद्दलासह भरायला सुरुवात करा. बऱ्याच बँका मान्य करतात, पण विचारल्याशिवाय कुणी सुचवत नाही.

सहावी पायरी: दर वाढला तर काय होईल, ते आत्ताच बघा

१ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापाशी जोडलेली आहेत, बहुतेक रेपो दराशी, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते त्याच्याशी. रेपो अधिक बँकेने त्यावर चढवलेला फरक म्हणजे तुमचा दर, आणि तो तीन महिन्यांतून एकदा तरी बदललाच पाहिजे. गृहवित्त कंपन्या मात्र स्वतःच्या मूळ दरावर चालतात. तिथे रेपो उतरला म्हणजे तुमचा दर उतरलाच असं नाही. कर्ज बँकेचं आहे की कंपनीचं, हे म्हणून आधी विचारायचं.

मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा. ऑफिसातल्या एकाने २०२१ मध्ये पावणेसात टक्क्यांनी पन्नास लाख घेतले होते, हप्ता ३८,०१८. दर सव्वानऊवर गेला तेव्हा शिल्लक साधारण ४८ लाख होती. तिचं महिन्याचं व्याजच ३७ हजार. म्हणजे हप्त्यातले हजारभर रुपये मुद्दलात. तो हप्ता तसाच ठेवला असता तर कर्ज फिटायला एकोणचाळीस वर्षं लागली असती. हे त्याला कळलं ते निवृत्तीच्या वयाच्या पुढची तारीख स्टेटमेंटवर दिसल्यावर. खात्यातून दर महिन्याला तेवढीच रक्कम जात होती, मग संशय तरी कशाचा येणार?

इतकी मोठी उडी सोडा. वीस वर्षांच्या आपल्या कर्जाचा दर सुरुवातीलाच साडेआठचा साडेनऊ झाला आणि हप्ता बदलला नाही, तर २४० महिन्यांचे ३०९ होतात. पावणेसहा वर्षं वाढली आणि घरात कुणाला पत्ता नाही.

१८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने रिझर्व्ह बँकेने हे थोडं आवरलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायला हवा. हप्त्यातून व्याजही न भागता मुद्दल फुगत जाईल अशी वेळ येऊ द्यायची नाही. पण पर्याय निवडायला तुम्ही बँकेची ईमेल वाचलेली पाहिजे. दर वर्षी एप्रिलमध्ये, पगारवाढीचं पत्र येतं त्याच आठवड्यात, कर्जाचं स्टेटमेंट काढा आणि एकच गोष्ट बघा: उरलेले महिने. गेल्या एप्रिलपेक्षा बारा कमी झालेत का? नसतील तर शाखेत जा.

दर उतरताना उलटं होतं. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो पूर्ण एक टक्क्याने उतरला. अशा वेळी बँकेने हप्ता कमी करून दिला तर खूश होऊ नका, जुनाच हप्ता चालू ठेवायला सांगा. आणि नव्या गिऱ्हाइकाला तीच बँक कमी दराने देत असेल, तर थोडं शुल्क भरून आपला दर बदलून मागा. पाच वर्षांनंतरच्या ४४ लाखांवर अर्धा टक्का उतरला आणि हप्ता तोच ठेवला तर दहा हप्ते कमी होतात, सव्वाचार लाखांच्या वर. त्यासाठी एक अर्ज आणि शाखेत एक चक्कर लागते. नाहीच म्हणाले तर दुसऱ्या बँकेकडे कर्ज हलवता येतं. तिथली प्रोसेसिंग फी आणि कागदपत्रांचा खर्च वजा करून बघा, पहिल्या सात-आठ वर्षांत सहसा परवडतं.

सातवी पायरी: सह्या करण्याआधी

इथे माझी फजिती सांगतो. माझं कर्ज २५ लाखांचं मंजूर झालं होतं. पहिलं स्टेटमेंट आलं त्यावर मुद्दल २५ लाख ७८ हजार. वाटलं, छपाईची चूक. चौकशी केल्यावर कळलं, सह्यांच्या गठ्ठ्यात विम्याचा अर्ज होता, एकरकमी हप्त्याचा, आणि तो हप्ता कर्जातच घातलेला. सही माझीच होती. शनिवारची दुपार, शाखा बंद व्हायची वेळ, फुल्या मारलेल्या जागांवर मी सह्या करत गेलो होतो. ७८ हजार वीस वर्षांच्या कर्जात घातले की साडेआठ टक्क्यांनी ते १ लाख ६२ हजारांना पडतात.

कर्जाबरोबर बँकेचाच आयुर्विमा घ्यायला पाहिजे असा रिझर्व्ह बँकेचा कुठलाही नियम नाही. विमा हवा, त्यात वाद नाही. मागे राहिलेल्यांवर पन्नास लाखांचं ओझं टाकून जायचं नसेल तर साधा टर्म प्लॅन, म्हणजे फक्त मृत्यूनंतर पैसे देणारा विमा, स्वतंत्र घ्या, हप्ता वर्षाचा वर्षाला भरा. घेऊन बसला असाल तर पॉलिसी हातात आल्यापासून ३० दिवसांत परत करता येते.

सह्यांआधी तीन कागद मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासोबत मुख्य तथ्य पत्रक देणं सक्तीचं आहे. बँकेत त्याला केएफएस म्हणतात. त्यात एपीआर नावाचा आकडा असतो: व्याजात प्रोसेसिंग फी, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, बँकेमार्फत घेतलेला विमा असं सगळं मिसळून येणारा वार्षिक दर. दोन बँकांची तुलना या आकड्याने करा, होर्डिंगवरच्या दराने नको. दुसरा कागद पूर्ण परतफेडीचा तक्ता. तिसरा, शुल्कांची यादी, जीएसटीसह. गहाणखताची नोटीस ३० दिवसांत नोंदवावी लागते, तिचा खर्च कुणी करायचा आणि काम कोण करणार, हेही तेव्हाच विचारा. व्याज कर्जमंजुरीच्या तारखेपासून लावता येत नाही, पैसे प्रत्यक्ष गेल्यापासून लागतं. पहिल्या महिन्याचं व्याज त्यावरून ताडून बघा.

आठवी पायरी: आधीच फेडायची सवय, पहिल्या वर्षापासून

बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व फेडीचं शुल्क घेता येत नाही. स्थिर दराचं असेल तर करार वाचा. शाखेतला माणूस "वर्षातून दोनदाच भरता येईल" असं काही म्हणाला तर लेखी मागा, बहुतेकदा ऑनलाइन भरायची सोय असतेच.

वर्षाला एक हप्ता जादा भरला, दिवाळीच्या बोनसमधून समजा, तर वीस वर्षांचं कर्ज पावणेसतरा वर्षांत फिटतं आणि सुमारे दहा लाख व्याज वाचतं. दर वर्षी हप्ताच पाच टक्क्यांनी वाढवत नेला तर बारा वर्षं दोन-तीन महिन्यांत मोकळे, वाचलेलं व्याज साडेएकोणीस लाखांच्या आसपास. पहिल्या वर्षी ही वाढ महिन्याला बावीसशे रुपयांची असते. बाराव्या वर्षी हप्ता ७४ हजारांवर गेलेला असतो, तेव्हा मध्येच थांबायची मुभा ठेवा. मला बोनसवाली वाट जास्त भरवशाची वाटते.

लवकर भरण्याचं वजन किती, ते दोन लाखांच्या उदाहरणावरून दिसतं. पहिल्या वर्षाअखेर भरले तर पुढचे एकवीस हप्ते जातात, निव्वळ बचत सव्वासात लाखांच्या वर. तेच दोन लाख पंधराव्या वर्षाअखेर भरले तर बचत लाखाच्या घरात. परतावा दोन्हीकडे तोच, साडेआठ टक्के. पहिल्यात तो एकोणीस वर्षं काम करतो, दुसऱ्यात पाच. म्हणूनच पंधरा वर्षांनी आलेल्या पैशाने कर्ज फेडायची घाई मी करणार नाही, तो पैसा मुलांच्या शिक्षणाला ठेवेन. आणि पहिल्या वर्षीसुद्धा सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला ठेवल्याशिवाय जादा भरू नका. कर्जात घातलेला पैसा अडीअडचणीला परत मिळत नाही. ओव्हरड्राफ्ट पद्धतीच्या गृहकर्जात मिळतो, पण तिथे दर थोडा चढा असतो.

रक्कम भरल्यावर लगेच सांगायचं: हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. हे ईमेलने लिहा. काही ठिकाणी न सांगितल्यास हप्ता कमी करून टाकतात आणि सगळा फायदा वीस वर्षांवर पातळ पसरतो.

"टॅक्स वाचतो म्हणून कर्ज ठेवावं" हा सल्ला अजून फिरतो. नव्या करप्रणालीत स्वतः राहता त्या घराच्या व्याजावर वजावट नाही. जुन्यात वर्षाला दोन लाखांपर्यंत आहे, पण आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याजच ४ लाख २१ हजार होतं. सर्वांत वरच्या स्लॅबमध्ये दोन लाखांमागे ६२,४०० वाचतात. त्यासाठी चार लाख बँकेला द्यायचे, हे मला कधी झेपलं नाही.

शेवटची पायरी: फाईल परत आणणं

कर्ज फिटलं की काम संपत नाही. मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत देणं बँकेवर बंधनकारक आहे, उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. नो ड्यूज दाखला घ्या, गहाणाची नोंद काढून घ्या आणि महिन्या-दोन महिन्यांनी क्रेडिट रिपोर्टवर कर्ज बंद दिसतंय का ते तपासा. कर्ज घेताना दिलेल्या कागदांची यादी बँकेच्या शिक्क्यानिशी जपून ठेवलेली असेल तर हे सगळं अर्ध्या तासात होतं.

मी ती यादी ठेवली होती, विम्याच्या अनुभवानंतर शहाणपण आलेलं. काउंटरवरच्या मुलीने फाईल पुढे सरकवली तेव्हा तिथेच खुर्चीवर बसून करारनाम्याचं एकेक पान उलटलं, इंडेक्स टू, स्टॅम्प ड्यूटीची पावती, बिल्डरच्या पावत्या. एक पावती कमी निघाली. ती आतल्या कपाटात दुसऱ्याच कुणाच्या फाईलला टाचलेली सापडली, तोवर चहा आला होता.